ठेकेदार पोराला कोर्टाने काय दिले?



चाकणच्या एमआयडीसीत जमिनी गेल्या तेव्हा आपल्या पुष्कळ पोरांना कायम नोकरी मिळाली नाही. मिळाला तो ठेका. कुणाला माणसे पुरवण्याचा, कुणाला साफसफाईचा, कुणाला कँटीनचा, कुणाला बस लावण्याचा. निघोजे, महाळुंगे, कुरुळी, खराबवाडी, कुठल्याही गावात जा, दारात गाडी आणि गाडीवर बँकेचा बोजा. माणसांचा पगार 7 तारखेला द्यायचा, कंपनीकडून बिल सुटायचे दीड-दोन महिन्यांनी. मधले भांडवल पोराचे, म्हणजे बँकेचे.

25 मार्च 2020 ला लॉकडाऊन लागला आणि हे गाडे जागेवर थांबले. 29 मार्चला केंद्रीय गृहखात्याने हुकूम काढला की बंद काळातला पगार कुणीही कापायचा नाही. हुकूम माणुसकीचा होता, पण पैसा कुठून आणायचा हे त्यात नव्हते. कंपनी म्हणाली, काम नाही तर बिल नाही. कामगार म्हणाला, पगार द्या. आणि हा कामगार तरी कोण? लातूर, नांदेड, बुलढाण्याकडचा शेतकऱ्याचाच पोरगा. खेडच्या शेतकऱ्याचा पोरगा आणि लातूरच्या शेतकऱ्याचा पोरगा असे एकमेकांसमोर उभे केले गेले. त्याचा पगार बुडवून आपला ठेकेदार तगावा अशी मागणी आम्ही कधीही करणार नाही.

आता कोर्टे काय म्हणाली ते पाहू. आम्ही शेतकी कॉलेजात वाफसा ओळखायला शिकलो, कलमे नव्हे. पण हे निकाल वाचण्यासारखे आहेत. तुळजापूरच्या तुळजाभवानी मंदिरातले ठेक्यावरचे कामगार औरंगाबाद खंडपीठात गेले. मंदिर बंद, काम करायची तयारी असून काम नाही. 12 मे 2020 ला न्यायमूर्ती रवींद्र घुगे यांनी सांगितले की अशा असाधारण काळात ‘काम नाही तर दाम नाही’ हे तत्त्व लावता येणार नाही. प्रवास आणि जेवणाचा भत्ता सोडून मार्च, एप्रिल, मे चा पगार द्या, आणि तो मिळतो की नाही हे जिल्हाधिकाऱ्यांनी पाहावे.

पुढे महिन्याभरात, 12 जून 2020 ला, सुप्रीम कोर्टाने कारखानदारांना दिलासा दिला. 29 मार्चच्या हुकुमावरून कुणा मालकावर सक्तीची कारवाई करू नका, त्या 50 दिवसांच्या पगाराबाबत कामगारांशी बोलून तडजोड करा. कंपनी आपल्या युनियनशी बोलू शकते. ठेकेदाराने कुणाशी बोलायचे? कंपनीच्या गेटवरच्या वॉचमनशी?

सरकारी कामाच्या ठेकेदारांना केंद्राने मे 2020 मध्येच सहा महिन्यांपर्यंत मुदतवाढ दिली. रस्ते आणि पूल बांधणाऱ्यांची सोय झाली. खाजगी कंपनीच्या ठेकेदाराला तशी वाट नव्हती. करार कायद्याचे कलम 56 सांगते की काम अशक्य झाले तर करार सुटतो. पण नुकसान होणे म्हणजे अशक्य होणे नव्हे, असे कोर्टे वर्षानुवर्षे सांगत आली आहेत. पोलाद आयात करणाऱ्या व्यापाऱ्यांनाही मुंबई हायकोर्टाने 8 एप्रिल 2020 ला हेच सुनावले: लॉकडाऊन थोड्या मुदतीचा आहे, तेवढ्याने देणे टळत नाही.

मग पोराच्या हातात काय होते? ठेका कामगारांच्या 1970 च्या कायद्याचे कलम 21. ठेकेदाराने पगार दिला नाही तर तो मुख्य मालकाने द्यायचा आणि मग ठेकेदाराच्या बिलातून वळता करायचा. नोव्हेंबर 2025 पासून लागू झालेल्या नव्या श्रमसंहितांनीही ही जबाबदारी मुख्य मालकावरच ठेवली आहे. म्हणजे कामगाराला उपाशी ठेवायची गरज नव्हती. पण पुढचा ठेका जाईल या धाकाने ते कलम कंपनीपुढे ठेवायचे कुणी?

बँकेची गोष्ट तर याहून बोलकी आहे. रिझर्व्ह बँकेने मार्च ते ऑगस्ट 2020 हप्ते थांबवले, पण व्याजावर व्याज चढत राहिले. प्रकरण सुप्रीम कोर्टात गेल्यावर केंद्राने ऑक्टोबरमध्ये 2 कोटींपर्यंतच्या कर्जांना हे वरचे व्याज परत द्यायचे ठरवले. कुणाकुणाला? घरकर्ज, वाहनकर्ज, लघुउद्योग, शिक्षण, क्रेडिट कार्डसुद्धा. पीककर्ज आणि ट्रॅक्टरचे कर्ज मात्र त्यात बसत नाही, असा खुलासा अर्थखात्याने केला. एकाच घरात पोराच्या गाडीला सूट, बापाच्या ट्रॅक्टरला नाही! 23 मार्च 2021 ला सुप्रीम कोर्टाने निकाल दिला की त्या सहा महिन्यांचे व्याजावरचे व्याज कुठल्याही कर्जदाराकडून घेता येणार नाही. घेतले असेल तर परत करा किंवा पुढच्या हप्त्यात धरा. मूळ व्याज माफ करायला मात्र कोर्टाने नकार दिला. ज्यांनी ट्रॅक्टरचा खातेउतारा अजून तपासला नाही त्यांनी मार्च ते ऑगस्ट 2020 चे पान काढून बघावे.

आणि ठेक्याबद्दल. पुढच्या करारात तीन ओळी मागून घ्या: सरकारी हुकुमाने काम बंद पडले तर पगाराचा बोजा कुणावर, पीएफ व ईएसआयचा भरणा कुणाचा, आणि थकलेले बिल किती दिवसांत सुटणार. एकेकट्याने मागाल तर कंपनी दुसरा ठेकेदार शोधेल. गावातल्या सगळ्यांनी मिळून मागायचे आहे. तालुक्याच्या बैठकीला येताना ठेकेदार पोरांनी आपापला करारनामा आणावा. सही केलेला कागद पुष्कळांपाशी नसतो. नसेल तर कंपनीकडे लेखी अर्ज देऊन प्रत मागा, आणि अर्जाची पोच घेऊन या.