गूफीचे क्रीडापाठ

खेळ कसा खेळावा हें सांगणारा गंभीर असतो आणि खेळणारा धडपडतो. एवढ्याच भांडवलावर वॉल्ट डिस्ने यांच्या अमेरिकेंतील चित्रशाळेनें १९४० नंतरच्या दशकांत विनोदाची एक स्वतंत्र मालिका उभी केली. तिचा नायक गूफी. लांब कानांचा, सैल अंगाचा, दोन पायांवर चालणारा हा भोळसट कुत्रा १९३२ सालीं प्रथम पडद्यावर आला.

या मालिकेचा जन्म एका अडचणींतून झाला. गूफीला आवाज देणारे पिंटो कोल्विग १९३० नंतरच्या दशकाच्या उत्तरार्धांत चित्रशाळा सोडून गेले. तेव्हां दिग्दर्शक जॅक किनी यांनीं नायकाला जवळजवळ मुकाच ठेविला आणि बोलण्याचें काम जॉन मॅक्लीश यांच्या भारदस्त निवेदनाकडे सोंपविलें. १९४१ च्या 'द आर्ट ऑफ स्कीइंग' या चित्रांत बर्फावरून घसरण्याच्या कलेचें शास्त्रशुद्ध विवेचन चालू असतें आणि गूफी त्या शास्त्राच्या एकेका वाक्याची आपल्या हाडांनिशीं परीक्षा घेत असतो. निवेदकाचा स्वर मात्र ढळत नाहीं. हंसूं येतें तें नुसत्या पडण्याचें नव्हे, तर त्या न ढळणाऱ्या स्वराचें.

१९४२ च्या 'हाउ टु प्ले बेसबॉल' मध्यें किनी आणखी पुढें गेले. तेथें दोन्ही संघांतील खेळाडू गूफीच आहेत. जिंकणारा तोच, हरणाराहि तोच. त्यामुळें कोणाच्याहि फजितीला हंसलें तरी त्यांत कोणाचा उपमर्द होत नाहीं. १९४४ च्या गोल्फविषयक चित्रांत आकृतींतला रेघांचा मनुष्यच शिकविण्यास पुढें येतो; पण रागावलेला बैल समोर येतांच आदर्श आकृति आणि वेंधळा शिष्य यांची अवस्था सारखीच होते. १९४५ च्या 'हॉकी होमिसाइड' मध्यें खेळाडूंना चित्रशाळेंतील सहकाऱ्यांचीं नांवें दिलेलीं आहेत. शेवटीं प्रेक्षकच बर्फाच्या मैदानांत उतरून हाणामारी करतात, आणि खेळाडू स्वस्थ बसून ती पाहतात. येथें विनोद थोडा बोचूंहि लागतो.

पुस्तकांतील खेळाडू कधीं चुकत नाहीं, म्हणून तो कोणाला आपला वाटत नाहीं. गूफी नियम मनापासून पाळूं पाहतो आणि तोंडघशीं पडतो. परंतु पुढचें वाक्य सुरू होतांच तो पुन्हा उभा असतो. ज्यांना बक्षीस कधीं मिळालें नाहीं, त्या असंख्य हौशी खेळाडूंची बाजू या मालिकेनें, नायकाला फारसें बोलूं न देतां, मांडली आहे.