कॉलेजातील मूल, पोलीस ठाणे आणि कोर्ट
(दुधनी येथे पालकांच्या सभेत झालेले भाषण)



आपल्या गावची मुले आता अक्कलकोट, सोलापूर, कलबुर्गीच काय, पण पुण्यापर्यंत कॉलेजात जातात. पुष्कळांच्या घरी त्यांच्याआधी कोणी कॉलेजचे दारही पाहिलेले नाही. म्हणून तेथे मुलावर प्रसंग आला की घरचा सल्ला ठरलेला असतो : ‘‘बाबा, गप्प बैस. आपण गरीब माणसे. ठाण्याची पायरी चढू नये.’’ हा सल्ला मायेपोटी दिला जातो हे आम्ही जाणतो. परंतु गप्प बसल्याने छळणाराचेच बळ वाढते, आणि एके दिवशी मूल वळकटी घेऊन कायमचे घरी येते. तेव्हा कायदा काय सांगतो ते नीट समजून घ्या.

पहिले दार प्राचार्यांचे. रॅगिंगला बंदी करणारा कायदा महाराष्ट्रात १९९९ साली झाला. नव्या मुलास मारणे, छळणे, त्याची विटंबना करणे यास हा कायदा थट्टा समजत नाही. त्यास २ वर्षांपर्यंत कैद व १०,००० रुपयांपर्यंत दंड आहे. तक्रार येताच संस्थेच्या प्रमुखाने ७ दिवसांत चौकशी करावयाची, तथ्य दिसल्यास आरोपी विद्यार्थ्यास निलंबित करून तक्रार ठाण्याकडे पाठवावयाची. प्रमुखाने हयगय केली तर त्याने गुन्ह्यास साह्य केले असे समजून त्यासही तीच शिक्षा आहे. ‘‘कॉलेजची अब्रू जाईल, आपसांत मिटवा,’’ असे कोणी म्हणाल्यास त्यास हे नम्रपणे ऐकवावे. मात्र तक्रार लेखी द्यावी आणि तिची पोच घ्यावी. आडतीवर तूर घातल्यावर पट्टी घेतल्याशिवाय आपण बाजारातून निघतो काय? मग पोटच्या पोराच्या बाबतीत तोंडी शब्दावर का विसंबावे?

दुसरे दार ठाण्याचे. दखलपात्र गुन्ह्याची खबर मिळाली की ती नोंदविणे पोलिसांवर बंधनकारक आहे, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने २०१३ साली दिला. १ जुलै २०२४ पासून नवी फौजदारी संहिता लागू झाली आहे. तीप्रमाणे गुन्हा पुण्यात घडला असला तरी खबर आपल्या जवळच्या ठाण्यात देता येते, आणि तिची नक्कल फुकट मिळते. ठाण्यात दाद लागली नाही तर पोलीस अधीक्षकांस लेखी कळवावे, त्यानंतर मॅजिस्ट्रेटकडे जावे. कोणी धमकी देत असेल, तर तेही अर्जात स्पष्ट लिहून संरक्षण मागावे. संरक्षण मागणे म्हणजे भीक मागणे नव्हे.

तिसरे दार कोर्टाचे. पोलीस रक्षण करतात, तसे ते कधी चुकतातही. मे २०२५ मध्ये पुण्यातील अभियांत्रिकीच्या एका १९ वर्षांच्या विद्यार्थिनीस समाजमाध्यमावरील मजकुरावरून अटक झाली, आणि तिचे म्हणणे न ऐकताच कॉलेजने तिचे नाव काढून टाकले. परीक्षा तोंडावर होती. मुंबई उच्च न्यायालयाने २७ मे रोजी तिला सोडण्याचा हुकूम केला, कॉलेजच्या आदेशास स्थगिती दिली व परीक्षेची वाट मोकळी केली. त्या मजकुराविषयी कोणाचे मत काहीही असो; म्हणणे ऐकल्यावाचून शिक्षा नाही, हा नियम आपल्या लेकरांचाही आधार आहे.

कोर्ट फार दूर, असे म्हणण्याचे कारणही आता कमी झाले आहे. १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापुरास सुरू झाले, आणि सोलापूर जिल्हा त्याच्याच कक्षेत आहे. वकिलाची फी परवडत नसेल तर १९८७ च्या कायद्याने स्त्रियांस, अनुसूचित जाती-जमातींस व ठराविक मर्यादेहून कमी उत्पन्न असलेल्यांस सरकारी खर्चाने वकील मिळतो. त्यासाठी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा.

आता एक कडू गोष्ट. छळणारा मुलगा परक्याचाच असतो असे नाही. तो आपलाही असू शकतो. रॅगिंगचा गुन्हा शाबीत झाल्यास मुलास कॉलेजातून काढतात आणि ५ वर्षे दुसऱ्या कोणत्याही संस्थेत घेत नाहीत. बापाने बैल विकून भरलेली फी पोराने एका रात्रीच्या मस्तीत मातीस मिळवावी काय? म्हणून मुलगा वसतिगृहास निघताना त्यास दोन गोष्टी निक्षून सांगा : कोणास छळू नकोस, आणि कोणी छळले तर लपवू नकोस.

मुलगी असेल तर आणखी एक सांगा. ‘‘तक्रार केलीस तर शिक्षण बंद करू,’’ असे आम्ही कधी म्हणणार नाही, असा शब्द तिला द्या. पुष्कळ मुली छळणाराला भितात त्याहून अधिक घरच्यांना भितात. ती भीती घालविणे कोणत्याही पोलिसाच्या हाती नाही, कोर्टाच्याही नाही. ते काम आपले, आणि ते आज रात्री जेवताना करता येईल.