देवभात आणि त्याचे कुळ
(देवस्थानच्या सभामंडपात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



देवस्थानच्या व्यासपीठावरून एका गवताविषयी बोलावे, हे काहींना चमत्कारिक वाटेल. परंतु या गवताचे नाव आपल्यापैकी पुष्कळांच्या कानांवरून गेलेले आहे. नारायणसूक्तात हृदयस्थ ज्योतीच्या सूक्ष्मतेला नीवाराच्या कुसळाची उपमा दिली आहे. कालिदासाच्या ‘शाकुंतला’च्या पहिल्या अंकात, झाडाच्या ढोलीतील पोपटांच्या तोंडून सांडलेले नीवाराचे दाणे पाहून दुष्यंत आश्रमभूमी ओळखतो. नीवार म्हणजे न पेरता, न नांगरता उगवणारे रानभात. आपल्याकडे त्यालाच देवभात म्हणतात. मनुष्याने पेरले नाही, तेव्हा ते देवाने पेरले, असा त्या नावाचा सरळ अर्थ आहे.

तळ्यांच्या कडा, दलदल आणि पावसाळी पाण्याचे खळगे ही देवभाताची वसतिस्थाने. तिसवाडीतील करमळीचे तळे त्यासाठी परिचित आहे. दुरून पाहिल्यास ते शेतातल्या भातासारखेच दिसते. लोंबी आली म्हणजे मात्र भेद कळतो. प्रत्येक दाण्याला बोटभर लांब, बहुधा तांबूस कुसळ असते. शास्त्रीय नाव ‘ओरायझा रुफिपोगॉन’. त्यातील दुसऱ्या शब्दाचा अर्थच मुळी ‘तांबड्या दाढीचा’. ही जात बहुवर्षायू असून खोल पाण्यात तग धरते. उन्हाळ्यात आटणाऱ्या खळग्यांत वाढणारी, एका वर्षात जीवन संपविणारी तिची बहीण वेगळी. एस. डी. शर्मा आणि एस. व्ही. एस. शास्त्री या भारतीय शास्त्रज्ञांनी १९६५ साली तिला ‘ओरायझा निवारा’ हे नाव दिले. ऋषींच्या तोंडचा शब्द अशा रीतीने वनस्पतिशास्त्रात रूढ झाला. काही शास्त्रज्ञ या दोहोंना एकाच जातीची दोन रूपे मानतात.

आपल्या ताटातला भात याच घराण्यात जन्मला. दोघांच्याही पेशीत गुणसूत्रे चोवीसच, आणि दोघांचा संकर सहज होतो. मुख्य अंतर एका गुणात आहे. रानभाताचा दाणा पिकताच गळून चिखलात पडतो आणि पुढील पावसाची वाट पाहतो. पिकाचा दाणा मनुष्य कापणी करीपर्यंत लोंबीला धरून राहतो. २००६ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनात असे दिसून आले की, या फरकाचे एक प्रमुख कारण एका जनुकातील एका अक्षराएवढा बदल हे आहे. न गळणारी लोंबी निवडून तिचेच बी पुन्हा पेरणाऱ्या अनाम शेतकऱ्यांनी, पिढ्यान्‌पिढ्या, त्या बदलातून आपले अन्न घडविले.

या कुळातील इतर आप्तही आपल्या आसपास आहेत. खाडीच्या खाऱ्या चिखलात वाढणारे ‘ओरायझा कोआर्क्टाटा’ हे गवत भाताचे सख्खे नातलग. सह्याद्रीच्या रानातील सावलीत वाढणारे ‘ओरायझा ग्रॅन्युलाटा’ हे दुसरे. तळ्यावर तरंगणारे ‘हायग्रोरायझा’ आपल्या फुगीर पर्णकोशांच्या आधारे पाण्यावर राहते. तेही याच गणातले. उलट वरी आणि नाचणी गवतकुळातील असल्या, तरी भाताच्या दूरच्या आप्त होत.

या दरिद्री नातलगाने श्रीमंत भावावर केलेले उपकार मोठे आहेत. १९७० च्या सुमारास आशियातील भातशेतीवर रोपे खुरटविणारा एक विषाणुरोग पसरला. फिलिपिन्समधील आंतरराष्ट्रीय भात संशोधन संस्थेने सहा हजारांहून अधिक नमुने तपासले. त्या रोगाला दाद न देणारे बी मिळाले ते उत्तर प्रदेशातून आलेल्या नीवाराच्या एका नमुन्यात. त्याचा गुण ज्यात उतरविला, ते ‘आयआर ३६’ हे वाण १९७६ साली प्रसृत झाले आणि पुढे सुमारे १ कोटी १० लाख हेक्टर क्षेत्रावर पेरले गेले. चीनच्या संकरित भाताचा पायाही १९७० साली हैनान बेटावर सापडलेल्या वंध्य परागाच्या एका रानभाताच्या रोपाने घातला.

आता आपल्या आचाराकडे वळू. भाद्रपद शुद्ध पंचमीस, ऋषिपंचमीच्या व्रतात, बैलाच्या श्रमाचे अन्न वर्ज्य असते आणि देवभाताला मान असतो. तीच तिथी गोमंतकात ‘नव्याची पंचम’ म्हणून पाळतात. शेतातील भाताची पहिली कणसे घरी आणून गणपतीपुढे ठेवतात. म्हणजे एकाच दिवशी पेरलेल्या आणि न पेरलेल्या, दोन्ही भातांची आठवण होते. आज पुष्कळ घरी देवभाताची जागा बाजारच्या वरीने घेतली आहे. व्रत त्यामुळे मोडत नाही. पण ज्या रोपाकडे दरवर्षी एकदा तरी पाहावे लागे, त्याची ओळख मात्र पुसली जाते.

शेतकऱ्याची बाजूही न्यायाने सांगितली पाहिजे. शेतात शिरलेले रानभात हे त्याला तण आहे. लहानपणी ते ओळखू येत नाही, आणि पिकल्यावर दाणे गाळून पुढच्या वर्षाचीही तजवीज करून जाते. छत्तीसगडात ते वेगळे दिसावे म्हणून जांभळ्या पानांचे भात लावतात. तेव्हा शेतकऱ्याने ते उपटणे योग्यच आहे. मात्र शेतातून उपटावयाचे आणि तळ्याच्या कडेवरूनही नाहीसे करावयाचे, असे झाल्यास त्याने जावे कोठे? बीजपेढीत बी सुरक्षित राहते, हे खरे. पण तेथे ते निद्रिस्त असते. बदलत्या पावसाशी, खाऱ्या पाण्याशी, नव्या रोगांशी झुंजत नवे गुण मिळविण्याचे कार्य पाणथळ जागेतच चालते.

अंत्रुज महालातील देवालये तळ्यांनी शोभतात. तळीची डागडुजी, गाळ काढणे, घाटाची बांधणी ही महाजनांची कर्तव्ये आहेत आणि ती झालीच पाहिजेत. माझी विनंती एवढीच : देवस्थानच्या जमिनीत जेथे जुनी दलदल किंवा पावसाळी खळगा असेल, तेथे भराव घालण्यापूर्वी एकदा श्रावण-भाद्रपदात जाणत्या शेतकऱ्यास घेऊन ती जागा पाहावी. देवभात आढळल्यास, भातशेतीपासून दूरचा एक कोपरा सिमेंटवाचून राखावा. आणि पंचमीच्या नैवेद्यापुरत्या लोंब्या, दाणा गळण्यापूर्वी, तेथूनच आणाव्यात. उरलेला दाणा चिखलात पडू द्यावा. त्यास खत नको, पाणी नको, राखणदारही नको.

आपल्या पूर्वजांनी संकटकाळी दैवते खाडीपार आणून जपली. त्याच दैवतांना आपण रोज भाताचा नैवेद्य दाखवितो. त्या भाताचे मूळ जपण्याची बुद्धी श्रीकृपेने आपणां सर्वांस होवो, अशी प्रार्थना करून मी आपली रजा घेतो.