जोसेफ डेव्हिड पेणकर : पहिल्या बोलपटाचा कथाकार

बोलपटाच्या आरंभकाळाची गोष्ट निघाली म्हणजे अर्देशिर इराणी यांचे नाव प्रथम येते, आणि ते योग्यच आहे. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रगृहात त्यांचा ‘आलम आरा’ झळकला आणि हिंदुस्थानचा मुका पडदा बोलू लागला. झुबेदा, मास्टर विठ्ठल, पृथ्वीराज कपूर ही नटमंडळीही रसिकांच्या स्मरणात आहेत. परंतु ती कथा रचिली कोणी, असा प्रश्न केला तर भलेभले चित्रपटप्रेमी निरुत्तर होतात. तो लेखक म्हणजे जोसेफ डेव्हिड पेणकर.

आडनाव पेण गावाकडे बोट दाखविते. पेण हे पूर्वीच्या कुलाबा, म्हणजे आताच्या रायगड जिल्ह्यातील गाव. या किनारपट्टीवर बेने इस्राएल लोक शतकानुशतके नांदत आले. नवगावपाशी गलबत फुटले, सात पुरुष व सात स्त्रिया तेवढ्या वाचल्या आणि त्यांच्यापासून वंश वाढला, अशी त्यांची परंपरा सांगते. तेलाचे घाणे चालवावे आणि शनिवारी ते बंद ठेवावे, हा त्यांचा रिवाज. म्हणून गावकरी त्यांस शनवार तेली म्हणत. ज्या गावी वस्ती, त्या गावाचे आडनाव : चेऊलकर, रोहेकर, किहीमकर, पेणकर. घरची भाषा मराठी. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस या समाजाने बायबलातील कथांवर मराठी कीर्तनेसुद्धा रचिली.

या समाजातला हा लेखक नावारूपास आला तो मात्र पारशी रंगभूमीवर. तेथील कारभार मोठा संमिश्र : मालक पारशी, नाटके बहुधा उर्दू, नट नाना जातींचे, आणि प्रेक्षक गाण्यांवर लुब्ध. ‘आलम आरा’ हे जोसेफ डेव्हिड यांचे मूळचे नाटक. कुमारपूरच्या राजाला दिलबहार व नवबहार या दोन राण्या. नवबहारेच्या पोटी वारस जन्मेल असे फकिराचे भाकीत. मत्सराने पेटलेली दिलबहार सेनापती आदिलला वश करू पाहते आणि तो बधत नाही असे दिसताच त्याला कैदेत टाकते. त्याची कन्या आलम आरा भटक्या लोकांत वाढते व पुढे राजपुत्राच्या प्रेमात पडते. कथानक बाळबोध आहे, हे कबूल केले पाहिजे. परंतु इराणींना नवलकथा नको होती. बोलून व गाऊन दाखविता येईल अशी, प्रेक्षकांपुढे उतरलेली कथा हवी होती. बोलपटात सात गाणी होती. स्टुडिओजवळून आगगाड्या धावत, म्हणून मध्यरात्र उलटल्यावर चित्रण चाले. वादक पडद्याआड दडून साथ करीत, कारण आवाज जागच्या जागीच टिपावा लागे. मूकपटाच्या लेखकाला हावभाव पुरत असत. येथे श्रोत्याचा कान ओळखणारा माणूस हवा होता.

पुढे १९३३ साली जे. बी. एच. वाडिया यांनी आपल्या पहिल्या बोलपटासाठी, ‘लाल-ए-यमन’साठी, याच अनुभवी नाटककाराचे साहाय्य घेतले. किराणा घराण्याचे पुढे विख्यात झालेले गायक फिरोज दस्तूर याच बोलपटात बालवयात चमकले. १९३५ साली वाडियांचा ‘हंटरवाली’ आला. त्याचेही संवाद जोसेफ डेव्हिड यांचे. चाबूक फिरविणारी नादिया सर्वांना आठवते. तिच्या तोंडी भाषा घालणारा पुन्हा मागेच राहिला.

‘आलम आरा’ची आज एकही प्रत उपलब्ध नाही. काही छायाचित्रे व जाहिराती तेवढ्या उरल्या आहेत. पडद्यावरील मुखे त्यांत पाहावयास मिळतात. ती मुखे त्या रात्री काय बोलली, ते मात्र कोणालाही ऐकता येत नाही.