कावळा बसला आणि फांदी मोडली
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



चिटणीसबाईंनी मला विषय दिला, 'घरगुती वादातील चुका कशा ओळखाव्यात'. वाद घालण्यात आपण कोणी कमी आहोत असे नाही, तेव्हा ते शिकविण्याचा आव मी आणीत नाही. अमरावतीस कॉलेजात असताना तर्कशास्त्र हा विषय घेतला होता खरा. पण परीक्षा झाली आणि पुस्तक रद्दीत गेले. पुढे जे काही समजले ते घरात समजले, आणि तेही उशिरा.

मी लग्न होऊन रिद्धपुरास आले, त्याला आता चाळीस वर्षे होऊन गेली. आमचा संत्र्याचा बगिचा तेव्हा ऐन भरात होता. त्या पावसाळ्यात झड लागली ती उघडेचना. दिवाळीच्या सुमारास पाने पिवळी पडू लागली, खोडांतून डिंक वाहू लागला, आणि वर्ष फिरले तोवर निम्मी झाडे सरपणाला गेली. शेजारच्या एक आजी ओट्यावर बसून म्हणाल्या, "सून आली अन् बगिचा गेला. पांढऱ्या पायाची हाय वं!" सासूबाई काही बोलल्या नाहीत. मात्र दुसऱ्या दिवसापासून तुळशीपुढचा दिवा त्या स्वतः लावू लागल्या, आणि पेरणीला मूठ धरायला मला कोणी हाक मारली नाही.

खरे सांगते, ते मलाही पटले होते. दोन वर्षे मी बगिच्यात पाऊल टाकले नाही. भाकरी द्यायला गेले तर बांधावर ठेवून परत येई. तर्कशास्त्रात मला चांगले गुण होते बरे का!

मग एकदा शेतकी खात्याचे एक गृहस्थ आले. त्यांनी बुंध्याशी उकरून मुळी हातात घेतली, तिची साल बोटाने सोलली, तर ती कुजलेली. ते म्हणाले, हा डिंक्या रोग आहे. भारी काळ्या जमिनीत पाणी तुंबले आणि ते खोडाला लागून राहिले की हा होतो. पाण्याचा निचरा करा, दुहेरी आळे करा म्हणजे पाणी बुंध्याला लागणार नाही, आणि पावसाळ्याच्या तोंडाशी मोरचूद 1 किलो, चुना 1 किलो व पाणी 10 लिटर असे बोर्डो मलम करून खोडांना लावा. यजमानांनी तसे केले आणि उरलेली झाडे वाचली. माझ्या पायांची चौकशी त्या गृहस्थांनी केली नाही.

त्या रात्री मला झोप आली नाही. आनंद झाला होता, पण त्याहून लाज वाटत होती. एवढे साधे आपल्याला कसे सुचले नाही? मी उठून हिशेबाच्या वहीच्या मागच्या पानावर चार खण आखले. पहिल्या खणात, त्या वर्षी नवी सून आली आणि बगिचा गेला अशी घरे. दुसऱ्यात, सून आली पण बगिचा शाबूत अशी. तिसऱ्यात, सून आली नाही तरी बगिचा गेला. चौथ्यात, सूनही नाही आणि नुकसानही नाही. पहिल्या खणात एकट्या आमचे घर. दुसऱ्यात आमच्याच आळीतली दोन. तिसऱ्यात, नाल्याकाठच्या खोलगट जमिनीतले जवळजवळ सगळे बगिचे. चौथा खण मी भरलाच नाही, तेवढी जागा नव्हती. गावाने फक्त पहिला खण पाहिला होता. बाकीचे तीन बोलत नाहीत ना!

कावळा बसायला आणि फांदी मोडायला एक गाठ, असे आपण म्हणतोच. संस्कृतात यालाच काकतालीय न्याय म्हणतात. गौतमाच्या न्यायसूत्रांत तर अशा फसव्या कारणांना एक फार नेमका शब्द आहे, हेत्वाभास. म्हणजे कारणासारखे दिसणारे, पण कारण नसलेले. त्याचे पाच प्रकार सांगितले आहेत. पाचांची नावे मी येथे पाठ म्हणून दाखवीत नाही. पण पहिलाच प्रकार, सव्यभिचार, हा जणू आमच्या अंगणातला आहे. जे कारण पुढे केले ते जेथे गोष्ट घडते तेथेही सापडते आणि जेथे घडत नाही तेथेही सापडते, तर त्याने काहीच सिद्ध होत नाही. नवी सून बुडालेल्या घरीही असते आणि भरल्या घरीही असते.

दुसरी एक म्हण आपल्या तोंडी सदैव असते, शितावरून भाताची परीक्षा. ती खोटी नाही. एकाच भांड्यात, एकाच पाण्यात, एकाच जाळावर सगळी शिते शिजतात, म्हणून एक चेपून पाहिले की पुरे. पण "त्या गावच्या पोरी अशाच", "त्या जातीचे लोक तसेच" असे आपण म्हणतो तेव्हा ती माणसे कोणत्या एका भांड्यात शिजली होती? एवढे विचारले म्हणजे झाले.

कोणी म्हणेल, ही पंडितांची कामे, आपल्या बायकांना काय करायची? भगिनींनो, निदान रिद्धपुरात तरी असे कोणी म्हणू नये. संस्कृतात लिहिणाऱ्या केशिराजबासांना नागदेवाचार्यांनी थांबविले, ते म्हाताऱ्या बायांना त्यातले काही मिळणार नाही म्हणून. आद्य मराठी कवयित्री महदाइसा बालविधवा होती, आणि चक्रधरस्वामींना सारखे प्रश्न विचारी; तिचे ते विचारणे स्वामींना आवडे. आंधळ्यांनी हत्ती चाचपल्याचा दृष्टांत केशिराजबासांच्या दृष्टांतपाठात आहे. ज्याच्या हाती पाय लागला त्याला हत्ती खांबासारखा, कान लागला त्याला सुपासारखा. त्यांतला एकही खोटे बोलत नव्हता, हे मला त्यात विशेष वाटते. आणि याच गावी लीळाचरित्र सिद्ध करणाऱ्या म्हाइंभटांनी काय केले? ज्यांनी स्वामींना पाहिले-ऐकले होते त्यांच्याकडे जाऊन आठवणी गोळा केल्या, आणि नागदेवाचार्यांकडून त्या पडताळून घेतल्या. तेराव्या शतकातली ही गोष्ट. आपण मात्र "सगळा गाव म्हणतो" एवढ्यावर भागवतो. सगळ्या गावातल्या कोणी पाहिले, असे विचारीत गेले तर बहुधा पाहणारी एकही निघत नाही.

आता हे सगळे समजल्यावर मी शहाणी झाले असेन असे तुम्हाला वाटेल. माझी सून घरात आली त्याच महिन्यात आमची दुभती म्हैस दगावली. माझ्या तोंडून निघून गेले, "काय पायगुण म्हणायचा!" सून शांतपणे म्हणाली, "आई, म्हैस गेली तेव्हा मी माहेरी होते." मी हसले, पण ती हसली नव्हती. तिला पुढे बरेच दिवस मी गोठ्यात मुद्दाम बरोबर नेत असे. त्याने बोललेले पुसले गेले की नाही हे तीच जाणे.

आणि एक गोष्ट येथे, सर्वांसमक्ष सांगायची आहे. मागील वर्षीच्या सभेत आपल्या एका सभासदबाईंनी विचारले होते की, हळदीकुंकवाच्या खर्चात 340 रुपयांचा मेळ का बसत नाही? मी तेव्हा खजिनदार होते. मी उत्तर दिले, "तुम्ही आधी आपली थकलेली वर्गणी द्या, मग हिशेब विचारा." तुम्ही सर्व हसलात, काहींनी टाळ्या वाजविल्या, आणि त्या बाई खाली बसल्या. वर्गणी त्यांची खरोखर थकली होती. पण त्यामुळे 340 रुपयांचा मेळ बसत होता काय? मी प्रश्नाला उत्तर दिले नव्हते, विचारणारीला दिले होते. न्यायशास्त्रात वादाचे तीन प्रकार आहेत: वाद, जल्प आणि वितंडा. खरे काय ते कळावे म्हणून करतात तो वाद. जिंकण्यासाठी करतात तो जल्प. आणि स्वतःचे काहीच न मांडता समोरच्याला नुसते खोडून काढणे ती वितंडा. माझी ती शुद्ध वितंडा होती, आणि टाळ्या तिलाच मिळाल्या.

याची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. माझे उत्तर चुकीचे होते, एवढ्यावरून हिशेबही चुकीचा होता असे मात्र होत नाही. तो वेगळा तपासावा लागतो. म्हणून गेल्या आठवड्यात मी पावत्या काढून बसले. फुलांच्या हाराची 340 रुपयांची एकच पावती दोनदा चढली आहे. पृष्ठ 17 वर आणि पुन्हा पृष्ठ 19 वर. पैसे पेटीत जसेच्या तसे आहेत. त्या बाई मागील सभेनंतर मंडळात आल्या नाहीत. परवा मी त्यांच्या घरी वही घेऊन गेले होते. त्यांनी चहा दिला, पण वही उघडली नाही. म्हणाल्या, सभेत विचारले होते ते सभेतच दाखवा.

त्या आज मागल्या रांगेत बसल्या आहेत. वही येथे टेबलावर आहे, दोन्ही पाने मी खूण घालून ठेवली आहेत. अध्यक्षबाईंची परवानगी असेल तर आता त्यांना पुढे बोलवावे.