रीळ कुणाचं?
(विचुंबे, पनवेल इथल्या भाषणातून)

दुसऱ्या महायुद्धातला कॅमेरामन आयमो कॅमेरा घेऊन पळायचा. चावीचं यंत्र, शंभर फुटांचं रीळ, मिनिटभरात खलास! काय टिपायचं, काय सोडायचं, ते तिथंच, गोळीबारात ठरवायचं. काम जिवावरचं, मान्य. पण रीळ कुणाचं? १९४३ साली इंग्रज सरकारनं 'इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया' काढली. थेटरवाल्यांवर सक्ती केली, खेळाबरोबर सरकारी फिल्म दाखवायचीच. त्याआधी, १९४१ला, बेळगावात महार रेजिमेंट उभी राहिली होती. आपल्या आज्यांनी वर्दी चढवली. वर्दीतला जवान सरकारला पडद्यावर हवाच होता. पण रजेवर गावी आलेला, पाणवठ्यावर अडवलेला तोच जवान? ते रीळ मी तरी अजून पाहिलेलं नाही.