ग्लॉस्टर : परतून आलेल्यांचा मुलूख

कॅनडांत फ्रेंच बोलणारे लोक राहतात हें आपणांस ठाऊक असतें. पण त्यांचा विचार मनांत आला कीं डोळ्यांपुढें क्वेबेक प्रांतच उभा राहतो. त्या क्वेबेकच्या पूर्वेस न्यू ब्रन्स्विक नांवाचा एक लहानसा प्रांत आहे. तेथील दर तीन माणसांत जवळजवळ एकाची मातृभाषा फ्रेंच आहे. हे लोक मात्र स्वतःस क्वेबेकचे म्हणवीत नाहींत. ते स्वतःस 'अकेडियन' म्हणवितात. या प्रांताच्या ईशान्य कोपऱ्यांतील ग्लॉस्टर कौंटीविषयीं आज आपणांशीं थोडें बोलावयाचें आहे.

कौंटी म्हणजे आपल्याकडील जिल्ह्यासारखा मुलूख. ग्लॉस्टरचा विस्तार सुमारें पावणेपांच हजार चौरस किलोमीटर आहे, आणि सन २०२१ च्या शिरगणतींत तेथील लोकसंख्या सुमारें ७८ हजार भरली. उत्तरेस शालर उपसागर, पूर्वेस सेंट लॉरेन्सचें आखात, आणि टोंकाशीं लामेक व मिस्कू हीं दोन बेटें. अंतर्भागांत सूचिपर्णी वृक्षांचें अरण्य आणि दलदल. म्हणून वस्ती बहुतेक सारी किनाऱ्याच्या रस्त्यावर, माळेंत मणी ओवावे तशी. हिवाळ्यांत समुद्रहि गोठून जातो. येथील पांचांपैकीं चारांहून अधिक लोकांची मातृभाषा फ्रेंच. पण कौंटीचें नांव ग्लॉस्टर, तिच्या मुख्य शहराचें नांव बॅथर्स्ट, आणि हीं दोन्ही नांवें इंग्रज सरदारांच्या पदव्यांवरून पडलेलीं! राजाचीं नांवें एका भाषेचीं आणि प्रजेची वाणी दुसऱ्या भाषेची, असें कां झालें, हा प्रश्न सोडवूं लागलों म्हणजे या मुलखाचा सारा इतिहास हातीं लागतो.

पहिला थर अर्थातच मिकमाक या मूळच्या रहिवाशांचा. काराके, शिपागान, ट्राकाडी हीं गांवांचीं नांवें त्यांच्याच भाषेंतून आलेलीं आहेत, आणि बॅथर्स्टजवळ पॅबिनो येथें त्यांची वस्ती आजहि आहे. त्यानंतर आले फ्रेंच. सन १६०५ मध्यें फंडीच्या उपसागराकांठीं पोर्ट रॉयल येथें त्यांनीं वसाहत घातली, आणि तिच्या भोंवतालच्या प्रदेशास अकेडिया हें नांव रूढ झालें. हे लोक शेतकरी होते. भरतीचें पाणी अडविणारे बांध घालून त्यांनीं खाजणाची उत्तम शेतजमीन केली होती.

सन १७१३ च्या यूट्रेक्टच्या तहानें हा प्रदेश इंग्रजांकडे गेला. नव्या राजाशीं एकनिष्ठ राहण्याची बिनशर्त शपथ घ्या, असा आग्रह सुरू झाला. अकेडियनांचें म्हणणें इतकेंच कीं, आम्ही शांतपणें राहूं, पण फ्रेंचांविरुद्ध शस्त्र धरणार नाहीं. चाळीस वर्षें ही ओढाताण चालली. अखेर सन १७५५ मध्यें गव्हर्नर लॉरेन्स यानें या लोकांना देशाबाहेर काढण्याचा निर्णय घेतला. त्या वर्षीं ५ सप्टेंबर रोजीं ग्रां-प्रे येथील देवळांत पुरुषांना व मोठ्या मुलांना बोलावून, तुमच्या जमिनी व गुरेंढोरें सरकारजमा झालीं, असा हुकूम त्यांना ऐकविण्यांत आला. पुढील आठ वर्षांत सुमारें दहा हजार माणसें जहाजांत भरून परमुलखांत धाडलीं गेलीं. कित्येक कुटुंबांची ताटातूट झाली; कित्येक जण वाटेंतच रोगानें आणि जहाजें बुडून मेले. अमेरिकेंतील लुइझियाना येथें जे अकेडियन शेवटीं जाऊन स्थिरावले, त्यांच्या वंशजांना आज 'केजन' म्हणतात. तो शब्द 'अकेडियन' याचाच अपभ्रंश होय.

जे सांपडले नाहींत ते उत्तरेकडील रानांत पळाले. त्यांतलाच एक आलेक्सी लांद्री. काराके येथील वस्तीचा आद्य पुरुष म्हणून त्याचें नांव तेथें आजहि घेतात. सन १७६४ मध्यें, शपथ घेतल्यास आणि लहान लहान गटांनीं विखरून राहिल्यास परत येण्याची मोकळीक अकेडियनांना मिळाली. पण परत कोठें जावयाचें? बांध घातलेल्या जुन्या जमिनींवर न्यू इंग्लंडहून आणलेले वसाहतवाले नांदत होते. म्हणून हे लोक जेथें दुसरा कोणी येणार नाहीं अशा थंड, खडकाळ किनाऱ्यावर वसले. सन १७८४ मध्यें काराके येथील ३४ कुटुंबांना सुमारें १४ हजार एकर जमिनीची सनद मिळाली, आणि सन १८२६ मध्यें हा भाग नॉर्थम्बरलंड कौंटीपासून वेगळा काढून ग्लॉस्टर कौंटी करण्यांत आली. जमीन नापीक होती म्हणूनच ती यांच्या वांट्यास आली; आणि ती कोणास हवीशी नव्हती म्हणूनच तेथें त्यांची भाषा टिकली.

टिकली खरी, पण दारिद्र्याच्या सोबतीनें. शेत पिकेना म्हणून शेतकऱ्याचा कोळी झाला. कॉड मासा धरावा, खारवावा, वाळवावा, आणि व्यापाऱ्यास द्यावा. हा व्यापार जर्सी बेटावरून आलेल्या रॉबिन कंपनीसारख्या पेढ्यांच्या हातीं होता. कोळ्यास रोख पैसा क्वचितच दिसे. हंगामाच्या आरंभीं जाळीं, मीठ, पीठ, कापड हें सारें कंपनीच्या दुकानांतून उधार घ्यावयाचें आणि हंगाम संपल्यावर मासळी देऊन तें फेडावयाचें. मालाचा भाव कंपनीचा आणि मासळीचाहि भाव कंपनीचाच! सावकाराच्या वहींत अडकलेलें घर पिढ्यान् पिढ्या कसें सुटत नाहीं, हें आपल्या श्रोत्यांना समजावून सांगावयास नको.

अशा स्थितींत सन १८७१ मध्यें प्रांतानें शाळांचा नवा कायदा केला. शाळांसाठीं कर सर्वांनीं द्यावा, पण त्या शाळांत धर्मशिक्षण नसावें, असा त्याचा आशय होता. कॅथलिक अकेडियनांना ही आपल्या धर्मावर आणि त्याबरोबरच आपल्या भाषेवर घाला येण्याची चिन्हें वाटलीं. काराके येथें कर देण्याचें नाकारण्यांत आलें, आणि जानेवारी १८७५ मध्यें प्रकरण हातघाईवर आलें. ता. २७ रोजीं सशस्त्र शिपाई एका घरांत शिरले. माळ्यावर लपलेल्या लोकांत व त्यांच्यांत गोळीबार होऊन जॉन गिफर्ड नांवाचा शिपाई आणि लुई मायू नांवाचा १९ वर्षांचा अकेडियन तरुण असे दोघे ठार झाले. गिफर्डच्या मृत्यूबद्दल खटले भरले गेले. मायूच्या मृत्यूबद्दल कोणावरहि खटला झाला नाहीं. तथापि त्याच वर्षीं सरकारला तडजोड करावी लागली, आणि शाळा सुटल्यावर धर्मशिक्षण देण्यास मुभा मिळाली.

या घटनेनंतर सहा वर्षांनीं मेम्रामकूक येथें अकेडियनांची पहिली मोठी परिषद भरली आणि १५ ऑगस्ट हा त्यांचा राष्ट्रीय सण ठरला. सन १८८४ मध्यें त्यांनीं आपलें निशाणहि ठरविलें : फ्रान्सचे तीन रंग आणि निळ्या पट्ट्यावर एक सोनेरी तारा. त्यांना राज्य नव्हतें, राजधानी नव्हती. पण निशाण होतें.

खरा पालट व्हावयास मात्र आणखी ऐंशी वर्षें लागलीं. शाळा आणि इस्पितळें यांचा खर्च कौंटीनें आपल्या करांतून भागवावा अशी जुनी रीत होती. त्यामुळें गरीब कौंटीच्या शाळा गरीब, शिक्षकांचे पगार तुटपुंजे, आणि मुलें पुन्हां गरीबच. सन १९६० मध्यें लुई रोबिशो हा अकेडियन गृहस्थ निवडून येऊन प्रांताचा मुख्य प्रधान झाला. त्यानें शिक्षण, आरोग्य, न्याय हीं सारीं खातीं प्रांताकडे घेतलीं आणि सन १९६७ मध्यें कौंटीचा कारभारच मोडून टाकला. तेव्हांपासून ग्लॉस्टर कौंटीला स्वतःचें सरकार नाहीं. तिचें नांव शिरगणतीच्या तक्त्यांत आणि लोकांच्या बोलण्यांत तेवढें उरलें आहे. पण कौंटीचा कारभार गेल्यानें तिच्यांतील मुलांचें कांहीं वाईट झालें नाहीं. त्यांच्या शाळेचा दर्जा बापाच्या मिळकतीवर अवलंबून राहिला नाहीं. सन १९६९ मध्यें इंग्रजी व फ्रेंच या दोन्ही भाषा प्रांताच्या राजभाषा झाल्या, आणि सन १९९३ मध्यें दोन्ही भाषिक समाजांची समानता राज्यघटनेंतच नमूद झाली.

मग आतां चिंता कसली? चिंता आंकड्यांची आहे. सन २००१ मध्यें येथें सुमारें ८३ हजार लोक होते. पुढील वीस वर्षांत त्यांतले जवळजवळ पांच हजार कमी झाले. सन १९९० नंतरच्या वर्षांत कॉडची मासेमारी बंद करावी लागली. बॅथर्स्टची कागद गिरणी २००५ मध्यें बंद पडली, आणि जवळची जस्त व शिसें यांची प्रचंड खाण साठा संपल्यामुळें २०१३ मध्यें मिटली. शिपागान व लामेककडे खेकड्यांची मासेमारी आणि दलदलींतून पीट काढण्याचा धंदा आहे. पण तीं हंगामी कामें. शिकलेलीं मुलें मॉन्क्टनला किंवा त्याहून दूर जातात. मागें म्हातारीं माणसें राहतात.

दरसाल १५ ऑगस्टला काराकेच्या रस्त्यावर हजारों लोक तोंडाला रंग फांसून निघतात आणि थाळ्या, डबे, शिंगें, जें हातीं येईल तें वाजवून एकच गोंगाट करितात. यास ते 'तेंतामार' म्हणतात, आणि त्याचा अर्थ एवढाच कीं, आम्ही अजून येथें आहों. अडीचशें वर्षांपूर्वीं या लोकांना हांकून लावणारी सत्ता होती, म्हणून कोणाशीं झगडावयाचें हें तरी त्यांना कळत होतें. आज त्यांना कोणी हांकून लावीत नाहीं. भाषेला कायद्याचें पूर्ण संरक्षण आहे, शाळा फ्रेंच आहेत, न्यायालयांत फ्रेंच चालते. उणीव आहे ती पोटापुरत्या कामाची. भाषेच्या रक्षणार्थ कायदा हवा हें खरेंच, पण ज्या गांवांत ती बोलली जाते त्या गांवांत तरुणांना घर मांडतां आलें पाहिजे. ग्लॉस्टरची पुढली परीक्षा ती आहे, आणि तिचा निकाल येत्या शिरगणत्यांतून लागावयाचा आहे.